जुनी जपानी मोटार : घेणें आणि सांभाळणें

एके काळीं मोटार ही संस्थानिक, डॉक्टर आणि बडे वकील यांच्याच दारांत दिसणारी वस्तु होती. आज ती मध्यम स्थितींतील कुटुंबाच्या दारांतहि उभी असते, आणि ती नवीच असते असें नाहीं. घरांत वडील माणसें आहेत, त्यांपैकीं एकाद्यास महिन्यांतून दोनदां इस्पितळांत न्यावें लागतें, वर्षांतून एकदां कुलदैवतास जाणें ठरलेलें, लेकीबाळींचें येणेंजाणें चालूच. अशा घरास मोटारीची गरज खरी असते, परंतु नव्या मोटारीची किंमत ऐकली म्हणजे कर्ता पुरुष गप्प बसतो. मग कोणी तरी सुचवितें, "जुनी पाहूं या." येथून पुढें जें प्रकरण सुरू होतें त्यासंबंधानें चार शब्द लिहिण्याचा आमचा विचार आहे. आम्ही यंत्रज्ञ नव्हों; आमचें आयुष्य शब्दरूपें व धातुरूपें घोकून घेण्यांत गेलें. पण आमच्या व आप्तेष्टांच्या घरीं गेल्या वीस-बावीस वर्षांत सात जुन्या गाड्या आल्या, आणि "गुरुजींना बरोबर घ्या, ते कागद नीट वाचतात" या एका कारणास्तव त्या प्रत्येक वेळीं आम्हांस नेण्यांत आलें. कागद वाचण्याचा हा गुण मोटारीच्या कामीं किती उपयोगीं पडतो हें तेव्हांच आमच्या ध्यानांत आलें.

"जपानी" म्हणजे येथें काय समजावें हें आधीं सांगितलें पाहिजे. खुद्द जपानांत वापरलेल्या मोटारी जहाजानें परदेशीं पाठविण्याचा व्यापार जगांत मोठा आहे. तेथें सरकारी तपासणी कडक असते. नव्या गाडीची तीन वर्षांनीं व पुढें दर दोन वर्षांनीं ती करून घ्यावी लागते, तिचा खर्चहि बराच येतो, म्हणून पुष्कळ गृहस्थ चांगली चालती गाडी विकून मोकळे होतात. अशा गाड्या श्रीलंका, केनिया, न्यूझीलंड इत्यादि देशांत जातात, व नैरोबी किंवा ऑकलंड येथें राहणारीं आपलीं मराठी कुटुंबेंहि त्या चालवितात. आपल्याकडे आयातीच्या नियमांमुळें तो मार्ग व्यवहारांत बंद असल्यासारखाच आहे. आपल्या दृष्टीनें जपानी मोटार म्हणजे जपानी आराखड्यावरून येथेंच बांधलेली मोटार. १९८२ सालीं मारुती व सुझुकी यांचा करार झाला आणि १९८३ च्या १४ डिसेंबरला इंदिरा गांधींच्या हस्तें पहिल्या ग्राहकास मारुती ८०० ची किल्ली मिळाली. तीन नळकांड्यांचें, ७९६ घनसेंटिमीटरचें तें लहानसें इंजिन तीस वर्षें या देशाचे रस्ते तुडवीत होतें. त्या गाडीचें उत्पादन २०१४ सालीं थांबलें. १९९८ सालीं होंडाची सिटी आली, २००९ सालीं जॅझ आली. टोयोटा व निसान यांच्याहि छोट्या गाड्या आल्या. आजच्या जुन्या बाजारांत आल्टो, वॅगन-आर, स्विफ्ट, जॅझ, मायक्रा, लिव्हा अशीं जीं नांवें ऐकूं येतात तीं सर्व याच कुळांतलीं.

या गाड्यांची कीर्ति अशी कीं त्या लवकर मरत नाहींत. ती कीर्ति बऱ्याच अंशीं खरी आहे, आणि घोंटाळा होतो तो त्यामुळेंच. चालते आहे ना, मग चांगलीच असली पाहिजे, असें घेणारा समजतो. वास्तविक निगा न राखलेली जपानी गाडीहि पुष्कळ दिवस निमूटपणें चालते. सोशीक सुनेप्रमाणें ती तक्रार करीत नाहीं, आणि एके दिवशीं एकदम अंथरूण धरते. म्हणून आमचें पहिलें सांगणें असें कीं, गाडीचें वय व मीटरवरचे किलोमीटर या दोन आंकड्यांवर भुलूं नये. नऊ वर्षांची हयगयींत वाढलेली गाडी आणि चौदा वर्षांची, दर वर्षीं वेळच्या वेळीं तेल बदललेली गाडी यांत आम्ही दुसरीच घेऊं. आमच्या एका जुन्या विद्यार्थ्याचें गॅरेज आहे. पहिल्याच वेळीं तो म्हणाला, "गुरुजी, गाडी मागून बघा; आधीं तिची फाइल बघा." याहून शहाणपणाचें वाक्य त्यानें शाळेंत असतांना कधीं उच्चारलें नव्हतें.

फाइल म्हणजे सर्व्हिसिंगच्या पावत्या, विम्याचे जुने कागद, पी. यू. सी. चे दाखले. या प्रत्येकावर तारीख असते व पुष्कळांवर किलोमीटरचा आंकडा असतो. ते क्रमानें लावावेत आणि आंकडा सारखा चढत गेला आहे कीं मध्येंच उतरला आहे तें पाहावें. मीटर मागें फिरविण्याची विद्या आपल्या बाजारांत चांगली मुरलेली आहे. पण पावत्या मागें फिरवितां येत नाहींत. पावत्या नसतील तर ब्रेकच्या व क्लचच्या पेडलवरचें रबर, चालकाच्या आसनाची कड व स्टिअरिंगचें चाक पाहावें. चाळीस हजार किलोमीटर चाललेल्या गाडीचें रबर गुळगुळीत होत नसतें.

संस्कृतांत स्थालीपुलाकन्याय म्हणून एक न्याय आहे. हंडींतलें एक शीत दाबून पाहिलें म्हणजे सगळा भात शिजला कीं नाहीं तें कळतें. मोटारीस हा न्याय लागू पडत नाहीं. येथें प्रत्येक शीत वेगळें दाबावें लागतें, आणि म्हणून स्वतःचा माहितगार मिस्त्री बरोबर नेण्यास पर्याय नाहीं. तथापि कांहीं गोष्टी कोणत्याहि गृहस्थास पाहतां येतात. गाडी सकाळीं, इंजिन थंड असतांना पाहावी. बॉनेटवर हात ठेवून तें गरम लागलें तर विकणाऱ्यानें आपण येण्यापूर्वींच गाडी चालू करून ठेवली आहे असें समजावें. थंड इंजिनाची खोड गरम इंजिन दाखवीत नाहीं. चालू करतांना मागें निळसर धूर आला तर इंजिन तेल पितें आहे. पांढरा धूर दाट व सारखा येत राहिला, आणि तेलाच्या झांकणाच्या आंतून दुधाळ फेस निघाला, तर कूलंट तेलांत मिसळत असण्याचा संभव आहे. ती गाडी तेथेंच सोडावी. चारी दारांच्या कांचांवर कारखान्याची खूण असते. एकच कांच निराळ्या खुणेची असली तर ती कां बदलली तें विचारावें. बॉनेटच्या व दारांच्या बिजागऱ्यांवरील बोल्टांचा रंग पान्यानें उडालेला दिसला तर त्या बाजूस कधीं तरी ठोकर लागली आहे. टायरच्या कडेस चार आंकडे असतात. पहिले दोन आठवड्याचे, पुढचे दोन वर्षाचे. २३१९ म्हणजे २०१९ च्या तेविसाव्या आठवड्यांतला टायर. नक्षी शाबूत दिसली तरी इतका जुना टायर आम्ही घाटांत नेणार नाहीं.

पुराच्या पाण्यांत बुडालेली गाडी ओळखणें हें प्रकरण महाराष्ट्रांत स्वतंत्रपणें सांगितलें पाहिजे. २६ जुलै २००५ रोजीं सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला आणि मुंबईंतल्या असंख्य गाड्या पाण्याखालीं गेल्या. पुढें २०१९ सालीं सांगली-कोल्हापुरास व २०२१ च्या जुलैंत चिपळुणास तोच अनुभव आला. अशा गाड्या विमा कंपन्या पुरतें नुकसान भरून निकालांत काढतात. मग त्या लिलावांत जातात, धुऊन पुसून कोरड्या होतात आणि दूरच्या जिल्ह्यांत नव्या अत्तराचा वास घेऊन उभ्या राहतात. अत्तर फार घमघमलें कीं आम्हांस संशय येतो. सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढावा. त्याच्या तळाशीं मातीची रेघ सांपडते. आसनांच्या खालच्या पट्ट्या व बोल्ट गंजले आहेत का, चटईखालीं बारीक गाळ आहे का, तें हातानें चांचपावें. पाण्याखालीं गेलेल्या गाडीचें इंजिन दुरुस्त होतें, परंतु तारांच्या जोडांत शिरलेला गंज पुढें कित्येक वर्षें एकेक दिवा, एकेक सूचक बिघडवीत राहतो.

आतां आमचा प्रांत, म्हणजे कागद. गाडी ज्याच्या नांवावर आहे तोच विकीत आहे का? कर्ज काढून घेतली असेल तर नोंदणी-पुस्तकांत बँकेचा बोजा असतो. तो बँकेच्या दाखल्यानें व फॉर्म ३५ नें उतरवून घेतला पाहिजे. विक्रीचे फॉर्म २९ व ३०, आणि गाडी दुसऱ्या परिवहन कार्यालयाच्या हद्दींतून येणार असेल तर फॉर्म २८ चें ना-हरकत पत्र. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याप्रमाणें घेणारानें तीस दिवसांच्या आंत नांव बदलून घेण्यासाठीं कळविलें पाहिजे. हें काम "करूं सावकाश" म्हणून टाळणारे पुष्कळ असतात, आणि विकणारासहि पैसे हातीं पडल्यावर त्याची पर्वा उरत नाहीं. तोटा मात्र त्याचाच अधिक आहे. सर्वोच्च न्यायालयानें २०१८ सालीं स्पष्ट केलें कीं, सरकारी नोंदींत ज्याचें नांव तोच कायद्याच्या दृष्टीनें मालक, आणि अपघाताच्या नुकसानभरपाईची जबाबदारी त्याच्यावर. म्हणजे गाडी विकून चार वर्षें झालेला गृहस्थ न पाहिलेल्या अपघाताबद्दल न्यायालयांत उभा राहूं शकतो. म्हणून घरची गाडी विकतांनाहि नांव बदलल्याची खात्री होईपर्यंत स्वस्थ बसूं नये. विमाहि आपल्या नांवावर करून घेण्यास चौदा दिवसांच्या आंत अर्ज करावा. दावा न केल्याबद्दलची जी सवलत असते ती आधींच्या मालकाची असते, गाडीबरोबर ती येत नाहीं.

आतां जी गोष्ट सांगावयाची ती जुन्या जपानी मोटारीपुरती अगदीं खास आहे, आणि ती पुष्कळांस ठाऊक नाहीं असा आमचा अनुभव आहे. मोटारीस जोराची टक्कर बसली म्हणजे स्टिअरिंगमधून एक पिशवी क्षणार्धांत फुगून चालकाची छाती व डोकें वांचविते, तीच एअरबॅग. ती फुगविण्यासाठीं धातूच्या लहान डबींत एक स्फोटक द्रव्य असतें. तें जळून वायु होतो व तो पिशवींत शिरतो. ताकाता नांवाची जपानी कंपनी ह्या डब्या जगांतील अनेक मोटार-कंपन्यांस पुरवीत असे. तिनें अमोनियम नायट्रेट हें द्रव्य वापरलें. त्याचा दोष असा कीं उष्णता व दमटपणा यांचा मारा वर्षानुवर्षें झाला म्हणजे त्याची घडण बिघडते आणि तें पाहिजे त्याहून फार वेगानें जळतें. मग पिशवी फुगण्याऐवजीं डबीच फुटते व धातूचे तुकडे चालकाच्या मानेंत व चेहऱ्यांत घुसतात. ज्या टकरींतून माणूस उठून चालूं लागावयाचा त्या टकरींत परदेशीं कित्येक माणसें या कारणानें मेलीं. होंडानें २००८ च्या अखेरीस पहिल्या गाड्या परत बोलाविल्या. पुढें जगभर सुमारें दहा कोटी डब्या परत घेण्याचा प्रसंग आला व २०१७ सालीं ताकाता कंपनीचें दिवाळें निघालें. भारतांतहि हें काम टप्प्याटप्प्यानें झालें. उदाहरणार्थ, २०१७ च्या जानेवारींत होंडानें २०१२ सालीं बांधलेल्या ४१,५८० गाड्या, म्हणजे सिटी, जॅझ, सिव्हिक व अकॉर्ड, या कारणासाठीं बोलाविल्या.

येथें जुनी गाडी घेणाराचा संबंध येतो. कंपनी पत्र धाडते तें बहुधा पहिल्या ग्राहकाच्या पत्त्यावर. तो ठाण्याचा, त्यानें गाडी पुण्यास विकली, पुण्याच्यानें रत्नागिरीस. पत्र ठाण्याच्या बिऱ्हाडीं जाऊन पडतें, आणि गाडी मात्र दमट हवेंत, जेथें तो दोष सर्वांत लवकर वाढतो त्याच कोंकणांत फिरत असते. आमच्या मेहुण्यांनीं रत्नागिरींत अशीच एक जपानी बनावटीची छोटी गाडी घेतली. २०१२ सालची, दिसण्यांत सुरेख, आणि विकणाऱ्या दलालाच्या चिठ्ठीवर "सर्व कांहीं ठीक" असा शेरा. आम्ही नोंदणी-पुस्तकांतला सतरा अक्षरांचा चॅसिस क्रमांक उतरून घेतला व पुतण्याकडून कंपनीच्या संकेतस्थळावर तो घालून पाहविला. चालकाच्या बाजूची एअरबॅग बदलणें बाकी आहे, असें उत्तर आलें. आधींच्या दोघां मालकांस याची दाद नव्हती. त्या आसनावर बसून आमची भाची महिनाभर गाडी शिकत होती. दुसऱ्या आठवड्यांत एका सकाळीं गाडी कंपनीच्या कार्यशाळेंत नेली, दुपारपर्यंत नवी डबी बसली, आणि एक रुपया पडला नाहीं. हें काम फुकट असतें, गाडी कितव्याहि हातीं गेलेली असो. म्हणून आमची प्रत्येक कुटुंबास विनंति आहे कीं, दारांत जपानी बनावटीची जुनी गाडी उभी असेल तर हा अंक खालीं ठेवून तिचा चॅसिस क्रमांक आजच तपासून घ्यावा. जातां जातां एवढेंहि पाहावें : किल्ली फिरविल्यावर एअरबॅगचा दिवा क्षणभर लागून विझला पाहिजे. तो लागतच नसेल तर कोणी तरी बिघाड झांकण्यासाठीं दिवाच काढून ठेवलेला असतो.

गाडी घरीं आल्यावर किंमतीच्या निदान चौथ्या हिश्श्याइतकी रक्कम पहिल्या वर्षाच्या डागडुजीसाठीं बाजूस ठेवावी, असा आम्हीं स्वतः घालून घेतलेला दंडक आहे. आधींच्या मालकानें शेवटलें तेल केव्हां बदललें हें त्याच्या शब्दावर मानूं नये; इंजिनाचें तेल, तेलाचा व हवेचा फिल्टर, कूलंट आणि ब्रेकचें तेल हीं सर्व एकदम बदलून आपली तारीख सुरू करावी. ब्रेकचें तेल हवेंतील पाणी शोषून घेतें, व घाटाच्या लांब उतारावर तें पाणी उकळलें म्हणजे पेडल पोकळ पडतें. दर दोन वर्षांनीं तें बदलावें. रेडिएटरमध्यें नळाचें पाणी ओतण्याची आपली जुनी संवय मोडली पाहिजे. आंतून गंज धरून पाण्याचे मार्ग बुजतात. तेलाच्या बाबतींत मिस्त्रीशीं थोडें भांडावें लागतें. जुनी गाडी म्हणून दाट तेल घालण्याकडे त्याचा कल असतो. अलीकडच्या जपानी इंजिनांच्या फटी बारीक असतात. पुस्तिकेंत पातळ तेल सांगितलें असेल तर पातळच घालावें. ती पुस्तिका गाडींत नसेल तर मिळवावी व घरांत कोणी तरी ती वाचावी. आपल्या सुशिक्षित कुटुंबांत ज्ञानेश्वरीचें नित्य पारायण होतें, पण मोटारीच्या पुस्तिकेचें पाकीट फोडलेलें नसतें, हें आम्हीं पुष्कळ ठिकाणीं पाहिलें आहे.

इंजिनांत झडपा हालविणारी जी साखळी किंवा पट्टा असतो त्याची विचारपूस अवश्य करावी. मारुती ८००, जुनी आल्टो, २०१० पूर्वींची वॅगन-आर व पेट्रोलवरची स्विफ्ट यांच्या इंजिनांत रबरी टायमिंग बेल्ट आहे. २०१० च्या सुमारास आलेल्या नव्या इंजिनांत, तसेंच जॅझमध्यें, लोखंडी साखळी आहे. साखळी वेळच्या वेळीं तेल बदललें तर पुष्कळ वर्षें टिकते. पट्टा मात्र पुस्तिकेंतील मुदतीस बदलावाच लागतो, व किलोमीटर कमी झाले तरी वर्षें झालीं म्हणजे रबर कडक होतेंच. तो वाटेंत तुटला कीं गाडी जागीं उभी राहते, आणि कित्येक इंजिनांत झडपा व दट्टे एकमेकांवर आदळून दुरुस्तीचा खर्च गाडीच्या किंमतीपर्यंत जातो. शिवाय आतां पंपावर मिळणाऱ्या पेट्रोलांत वीस टक्क्यांपर्यंत इथेनॉल असतें. जुन्या गाड्या त्या हिशेबानें बांधलेल्या नाहींत. त्या बंद पडतात असें नाहीं, परंतु लिटरमागें अंतर थोडें घटतें, आणि इंधनाच्या रबरी नळ्या व वायसर यांकडे लक्ष ठेवावें लागतें. पेट्रोलचा वास आला कीं दुसऱ्या दिवसावर ढकलूं नये.

सुट्या भागांविषयीं थोडक्यांत : मारुतीचा भाग तालुक्याच्या गांवींहि मिळतो, ज्या गाड्या थोड्या खपल्या व ज्यांचें उत्पादन थांबलें त्यांचा भाग मिळतो, पण थांबावें लागतें व खिसा मोकळा करावा लागतो. खेडेगांवीं राहणाऱ्यानें या एका गोष्टीसाठीं मारुती घ्यावी असें आम्ही म्हणूं, मग जॅझचें मागचें आसन कितीहि चतुराईनें दुमडत असो. उंदरांचा बंदोबस्त हाहि निगेचाच भाग होय. आठ दिवस उभ्या असलेल्या गाडीच्या तारा ते कुरतडतात. आमच्या घरीं दोनदां कुरतडल्या. त्यावर डांबराच्या गोळ्यांपासून तंबाखूपर्यंत सर्व उपाय झाले. उपयोग झाला तो गाडी दर दोन-तीन दिवसांनीं दहा-पंधरा किलोमीटर फिरवून आणण्याचा. त्यानें बॅटरीहि जिवंत राहते.

एकत्र कुटुंबांत मोटारीचा खरा शत्रु उंदीर नव्हे, तर तिचे पांच मालक होत. थोरला चालवितो, धाकटा चालवितो, पुतण्या मित्रांस घेऊन जातो, सुना शाळेंत मुलें पोंचवितात, आणि तेल कोणी पाहावयाचें हें कोणासच ठाऊक नसतें. बांधावरच्या सामाईक आंब्याची जी गत ती या गाडीची. आमच्या घरीं यावर असा तोडगा काढला आहे कीं, चालवावी कोणीहि, पण गाडीची वही एकाच्याच हातीं. सध्यां ती धाकट्या सुनेकडे आहे. किल्लीच्या खुंटीखालीं दोऱ्यानें बांधलेली दोनशें पानी वही असते. गाडी नेणारानें तारीख, निघतांनाचे व परततांनाचे किलोमीटर, आणि कांहीं निराळा आवाज आला असल्यास तो, अशा तीन गोष्टी लिहावयाच्या. "डाव्या पुढच्या चाकाशीं खड्ड्यांत टक् असा आवाज" एवढ्या एका ओळीवरून मिस्त्रीनें लिंक-रॉड ओळखला व कामाचा खर्च थोडक्यांत भागला. दर महिन्याच्या पहिल्या रविवारीं सकाळीं, गाडी थंड असतांना, तेलाची पट्टी, कूलंटची पातळी, ब्रेकचें तेल व टायरांतली हवा पाहण्याचें काम ज्या नातवाची मुंज त्या वर्षीं झालेली असेल त्याच्याकडे. त्यास तें फार मानाचें वाटतें.

खासगी गाडीची नोंदणी पंधरा वर्षांची असते. पुढें तपासणी होऊन ती पांच पांच वर्षांनीं वाढवून मिळते. त्यासाठीं मुदत संपण्यापूर्वीं साठ दिवसांच्या आंत फॉर्म २५ नें अर्ज करतां येतो. २०२२ च्या एप्रिलपासून हें शुल्क ६०० रुपयांवरून ५,००० रुपये झालें, वीस वर्षांवरील मोटारीसाठीं २०२५ सालीं तें दुप्पट झालें, शिवाय महाराष्ट्रांत पर्यावरण कर निराळा. म्हणून तेरा-चौदा वर्षांची गाडी स्वस्त दिसली तरी हा खर्च किंमतींत मिळवूनच सौदा करावा. आणि पैसे भरण्यापूर्वीं गाडी रॅम्पवर चढवून तिचा तळ पाहावा. इंजिन, क्लच, शॉकअॅब्सॉर्बर यांची दुरुस्ती होते. पण खालचा पत्रा हातोडीच्या दांड्यानें ठोकल्यावर पोकळ वाजूं लागला व गंजाचे पोपडे हातांत आले तर तिच्यावर आणखी खर्च करूं नये. सरकारमान्य मोडतोड-केंद्रांत ती दिली म्हणजे जमा केल्याचें प्रमाणपत्र मिळतें. मेहुण्यांच्या गाडीचा तळ आम्हीं याच उन्हाळ्यांत पाहिला. मागच्या उजव्या चाकाच्या कमानीशीं थोडा गंज होता, तो घासून काढून रंग दिला आहे, बाकीचा पत्रा घट्ट वाजतो.